स्वतः अलार्म बसवला, आता चार दिवस उभी राहिली की गाडी सेल्फच घेत नाही

तारेवरची_कसरत:

नमस्कार मंडळी. थोडं लांबलचक होणारे, पण अर्धवट सांगितलं की "आधी पूर्ण माहिती दे" असंच उत्तर येतं, म्हणून सगळंच लिहितो.

गाडी जुनी, पेट्रोल हॅचबॅक. सेंट्रल लॉकिंग कंपनीतूनच आलेलं पण रिमोट नाही, ड्रायव्हरच्या दाराला किल्ली फिरवली की चारही दारं लॉक. किल्लीत चिप नाही, एअरबॅग नाही, एकदम साधी गाडी. महिन्यापूर्वी बाहेरचा अलार्म किट घेतला, दोन रिमोट, सायरन, शॉक सेन्सर, स्टार्टर कट करायचा रिले (विजेवर चालणारा स्विच), सगळं त्यातच. मीटर घरात आहे, सोल्डरिंग येतं, मग यात काय अवघड असणार असं वाटलं. दीड दिवस लागला, त्यातला एक पूर्ण दिवस डॅशबोर्डखाली उलटं पडून.

जोडणी अशी केलीये. कायमचे १२ व्होल्ट इग्निशन स्विचमागच्या जाड वायरवरून, किटच्या हार्नेसमध्ये १५ अँपिअरचा फ्यूज होताच. इग्निशनची वायर किल्ली ऑनला नेल्यावर १२ दाखवते तिथून. अर्थ डॅशखाली बॉडीच्या बोल्टला, रंग खरवडून. लॉकच्या दोन वायरी अर्थला टेकवून बघितल्या तर लॉक-अनलॉक होत होतं म्हणजे निगेटिव्ह ट्रिगर, त्याप्रमाणे जोडलं आणि पहिल्याच फटक्यात चाललं (त्या क्षणी जो माज आला तो दोन दिवस टिकला). इंडिकेटरच्या दोन वायरी डावी-उजवी. दाराचा ट्रिगर छतातल्या दिव्याच्या वायरवरून घेतला. बोनेटला पिन स्विच लावला. सायरन बोनेटखाली, तोंड खाली करून. शॉक सेन्सर फायरवॉलला स्क्रूने. आणि स्टार्टरची वायर कापून मध्ये रिले, किटच्या कागदावर होतं तसंच.

आता त्रास.

एक, गाडी चार दिवस उभी राहिली की पाचव्या दिवशी सेल्फ घेत नाही, नुसतं टकटक टकटक. बॅटरी ३५ एएच (अँपिअर-तास), दीड वर्ष जुनी, तपासून आणली तर चांगली आहे म्हणाले. अलार्म बसवायच्या आधी हीच गाडी दहा दिवस उभी राहून एका सेल्फला चालू झालीये.

दोन, संध्याकाळी घरी आलो, लॉक केलं, की पाच-दहा मिनिटांत सायरन. सकाळी किंवा रात्री कधीच नाही. सेन्सरची सेटिंग कमी करत करत जवळजवळ शून्यावर आणली तरी तेच.

तीन, बॅटरी उतरल्यावर जंपर लावला रे लावला की सायरन बोंबलायला लागतो, त्या आवाजात क्लॅम्प लावायचे म्हणजे हात थरथरतात.

आत्तापर्यंत मोजलं ते एवढंच की पाचव्या दिवशी बॅटरीवर ११.६ व्होल्ट होते. कुठून सुरुवात करू?

मधला_गिअर:

बॅटरी बदल. दीड वर्ष जुनी बॅटरी आणि स्वस्तातला अलार्म, अजून काय होणार. माझ्या मित्राचंही असंच झालेलं, शेवटी अलार्म काढून फेकला तेव्हा सुटका झाली.

जुना_फ्यूज:

बॅटरी बदलून काही होणार नाही, नवी घातली तर ती पाचव्याऐवजी सहाव्या दिवशी उतरेल एवढंच. आधी दहा दिवस टिकत होती आणि अलार्मनंतर चार, म्हणजे काहीतरी गुपचूप करंट पितंय. अलार्म स्वतः फार पीत नाही, साधारण १०-२० मिलीअँपिअर, लाल एलईडी चमकतो त्यासकट. जुन्या साध्या गाडीचा स्वतःचा खर्च, म्हणजे घड्याळ, टेपची मेमरी वगैरे, तोही असाच किरकोळ. सगळं मिळून ५० च्या आत असेल तर चिंता नाही. तुझं तेवढ्यावर थांबत नाहीये.

हिशेब करून बघ. ३५ एएच मधली अर्धी उतरली की जुन्या बॅटरीला सेल्फ मारणं जड जातं, म्हणजे वापरायला आपल्याकडे साडेसतरा एएच. चार दिवस म्हणजे ९६ तास. साडेसतराला ९६ ने भाग, ०.१८ येतं. म्हणजे न मोजता माझा अंदाज १८०-२०० मिलीअँपिअरचा. आता तू मोजून सांग मी बरोबर का चूक.

मोजायचं असं. मीटरची लाल वायर १० अँपिअरच्या भोकात घाल, व्होल्टच्या भोकात ठेवून करंट मोजायला जाऊ नकोस. गाडीची किल्ली खिशात, काच एक उघडी, कारण पॉवर जाऊन परत आली की काही अलार्म आपोआप दारं लॉक करतात आणि किल्ली आत राहिली की मग बस बाहेर. दार उघडंच ठेवायचं असेल तर दाराच्या लॉकची जीभ स्क्रूड्रायव्हरने दाबून बंद झाल्यासारखी कर आणि छताचा दिवा विझलाय बघ. बोनेट उघडंच राहणार, तेव्हा बोनेटचा पिन स्विच टेपने दाबून ठेव नाहीतर अलार्म लागणारच नाही नीट. मग बॅटरीची निगेटिव्ह केबल काढ आणि केबल आणि बॅटरीचं टोक यांच्यामध्ये मीटर. मीटर लावलेला असताना सेल्फ मारायचा नाही, चुकूनही नाही, मीटरचा फ्यूज गेलाच समज.

लगेच आकडा बघू नकोस. अर्धा तास जाऊ दे, गाडी झोपू दे. आणि दोनदा मोज, एकदा अलार्म न लावता, एकदा रिमोटने लावून. हे दुसरं बरेच जण विसरतात आणि मग "ड्रेन (गुपचूप जाणारा करंट) नाहीच आहे" म्हणून परत येतात.

जंपर लावल्यावर सायरन होतो तो बिघाड नाही, तसंच असायला हवं. पॉवर गेली तेव्हा अलार्म लावलेला होता, परत आली की त्याला तेच आठवतं, नाहीतर चोर बॅटरीची केबल काढून परत लावेल आणि झालं. आधी रिमोट हातात घे, क्लॅम्प लागला की लगेच अनलॉक दाब. रिमोट चालला नाही तर किल्ली ऑन करून व्हॅले बटण (अलार्म हाताने बंद करायचं छोटं बटण), पद्धत तुझ्या कागदावर असेल.

चिमटा_आणि_कथील:

जुना_फ्यूज काकांनी ड्रेनचं सांगितलंच आहे, मी बाकीचं बघते.

संध्याकाळीच वाजतो आणि सकाळी कधीच नाही, यातच उत्तर आहे. संध्याकाळी गाडी चालवून आणलेली असते, इंजिन गरम असतं. दोन शक्यता वाटतात. काही अलार्म व्होल्टेजवर लक्ष ठेवतात, दार उघडून दिवा लागला की व्होल्टेज किंचित पडतं त्यावरून ते ओळखतात, आणि अशा अलार्मला गाडी बंद झाल्यावर आपोआप सुरू होणारा रेडिएटरचा फॅन म्हणजे चोरच वाटतो. तुझ्या किटमध्ये असं काही आहे का बघ. दुसरी शक्यता साधी, सेन्सर फायरवॉलला लावलास. फायरवॉलच्या पलीकडे तापलेलं इंजिन आणि एक्झॉस्ट, थंड होताना पत्रा टिक-टिक करतो, फॅन सुरू झाला की थरथर, आणि आतला पिझो सेन्सर हे सगळं थेट ऐकतो. कळायला सोपा उपाय, एक संध्याकाळ सेन्सरचा कपलर (वायरीचा प्लग) काढून ठेव. तरी वाजला तर पहिली शक्यता, गप्प बसला तर सेन्सरची जागा बदल.

आणि सेटिंग शून्यावर आणून काय मिळवलंस? आता कोणी काच फोडली तरी तो झोपलेला असेल. जागा बरोबर असेल तर मधल्या सेटिंगला काम होतं.

अजून एक, हे मला जास्त खटकलं. दाराचा ट्रिगर छतातल्या दिव्याच्या वायरवरून घेतलास म्हणजे नक्की कुठून? त्या दिव्याला तीन खुणांचं बटण असतं ना, ऑन, दार, ऑफ. ते ऑफला ठेव, अलार्म लाव, पाच मिनिटं थांब, मग खिडकीतून हात घालून आतून दार उघड. वाजतो का सांग.

तारेवरची_कसरत:

काका, साष्टांग. अलार्म न लावता २६ मिलीअँपिअर. रिमोटने लावला की १७८. वीस मिनिटं थांबलो, चाळीस मिनिटं थांबलो, १७८ ला चिकटून बसलाय, एलईडी चमकतो तेव्हा थोडा वर जातो तेवढंच.

ताई, तुमची टेस्ट केली आणि पोटात गोळा आला. दिवा ऑफला असताना दार सताड उघडलं, आत बसलो, दार लावलं, अलार्म ढिम्म. म्हणजे महिनाभर ज्या रात्री दिवा ऑफला होता त्या रात्री माझ्या गाडीला अलार्म नव्हताच?

सेन्सरचा कपलर आज संध्याकाळी काढून बघतो.

जुना_फ्यूज:

१७८ वजा २६ म्हणजे १५२. हा आकडा ओळखीचा आहे. साध्या चार-पाच पिनांच्या गाडीच्या रिलेची कॉइल साधारण ८०-९० ओहमची असते, १२.६ ला ८५ ने भाग, १४८ मिलीअँपिअर. उरलेले चार-पाच अलार्म जागा झाल्याचे. तुझा स्टार्टर कटचा रिले रात्रभर ओढलेला राहतोय.

जाऊन हात लाव. अलार्म लावून अर्धा तास झाला असेल तर रिले हाताला कोमट लागेल. आणि रिलेच्या ८६ नंबरच्या पिनला (८५ आणि ८६ ही कॉइलची दोन टोकं) काय जोडलंयस ते सांग.

तारेवरची_कसरत:

कोमट आहे!! चक्क कोमट. अलार्म काढला की टक आवाज करून सुटतो आणि थंड होतो.

८६ ला कायमचे १२ व्होल्ट दिलेत. किटच्या कागदावर तिथे नुसतं "+१२ व्होल्ट" असं लिहिलंय, कुठले ते नाही, आणि कायमची वायर शेजारीच होती म्हणून तिथेच झाळली. ८५ अलार्मच्या त्या वायरला जी लावल्यावर अर्थ देते. ३० ला किल्लीकडून येणारी स्टार्टरची वायर, ८७ए वरून पुढे स्टार्टरकडे.

जुना_फ्यूज:

मग सापडलं. बाकी सगळं बरोबर केलंयस, विशेषतः ८७ए वापरलास ते. बरेच जण ८७ वर जोडतात आणि मग अलार्मचा डबा मेला किंवा फ्यूज गेला की गाडी चालूच होत नाही, भर रस्त्यात अडकतात. ८७ए म्हणजे रिले निवांत असताना जोडलेला संपर्क. अलार्म मेला तरी गाडी चालू व्हायला हवी. खात्री करायची तर अलार्मचा मुख्य कपलर उपटून सेल्फ मारून बघ, चालू झाली पाहिजे.

आता ८६ कायमच्या वायरवरून काढ आणि इग्निशनच्या वायरला दे. काय होईल ते समजून घे. रात्री गाडी लॉक, अलार्मने ८५ ला अर्थ दिलाय, पण ८६ ला काहीच नाही, कॉइल शांत, खर्च शून्य. चोराने किल्लीच्या जागी स्क्रूड्रायव्हर घालून फिरवला की इग्निशनला १२ व्होल्ट आले, तेव्हा ८६ ला आले, रिले ओढला, ८७ए सुटला, स्टार्टर तुटला. म्हणजे जेव्हा गरज तेव्हाच रिले काम करतो. रात्रभर कशाला खेचून धरायचा.

एक सापळा आहे, त्यात पडू नकोस. इग्निशन म्हणजे अशी वायर जी ऑनलाही १२ देते आणि सेल्फ मारतानाही देते. एसीसीची वायर नाही, ज्यावर टेप चालतो ती. एसीसी सेल्फ मारताना बंद पडते, गाडीवाल्यांनी मुद्दाम तसं केलेलं असतं, सगळी ताकद स्टार्टरला मिळावी म्हणून. ८६ एसीसीवर घेतलास तर चोराने सेल्फ मारला की नेमक्या त्याच क्षणी रिले सुटेल आणि गाडी मजेत चालू होईल. रिले आहे, वायरिंग आहे, एलईडी चमकतोय, आणि संरक्षण मात्र काहीच नाही. मीटर त्या वायरवर लावून कोणाला तरी सेल्फ मारायला सांग. सेल्फच्या वेळी दहा-अकराच्या आसपास खाली येऊन टिकली तर इग्निशन, शून्यावर गेली तर एसीसी. अलार्मची स्वतःची इग्निशनची वायरही याच कसोटीवर तपासून घे, तू नुसतं "ऑनला १२ दाखवते" लिहिलंयस त्यावरून कळत नाही.

हात घातलाच आहेस तर कॉइलवर एक डायोड टाक, १एन४००७, पट्ट्याची बाजू ८६ कडे. रिले सुटताना कॉइल उलटा झटका मारते, तो अलार्मच्या छोट्या ट्रान्झिस्टरने कशाला सोसायचा. काही रिलेंमध्ये आत आधीच असतो, वर छापलेली आकृती बघ.

बिनधास्त_ब्रेक:

मी तर एक पाऊल पुढे गेलोय, स्टार्टर नाही, थेट फ्युएल पंप कट केलाय. कोणी गाडी हिसकावून पळाला तर रिमोट दाबायचा, शंभर मीटरवर इंजिन बंद. स्टार्टर कट काय, चोर धक्का मारून चालू करतो.

चिमटा_आणि_कथील:

@बिनधास्त_ब्रेक धक्क्याचं म्हणणं खरंय, मॅन्युअल गिअरची गाडी धक्क्याने चालू होऊ शकते, स्टार्टर कट ही काही तिजोरी नाही. पण चालत्या गाडीचं इंजिन बंद करणं म्हणजे पॉवर स्टिअरिंग गेलं, आणि ब्रेकचा व्हॅक्यूम एक-दोनदा पेडल दाबेपर्यंतच टिकतो, मग पेडल दगडासारखं. त्या क्षणी समोर कोण असेल ते चोर ठरवत नाही आणि तूही ठरवत नाहीस. शिवाय तोच रिले उद्या एखाद्या सैल क्लिपमुळे तू स्वतः ओव्हरटेक करत असताना सुटला तर? जे काही तोडायचंय ते गाडी उभी असताना तुटावं. फ्युएल पंप कट ठेवायचाच असेल तर फक्त अलार्म लावलेल्या स्थितीत चालेल असा जोड आणि रिमोटची ती हायजॅकची सोय सेटिंगमधून बंद कर.

बिनधास्त_ब्रेक:

क्लिपचं म्हणताय तर, हो, क्लिपनेच जोडलंय. ती निळी, चिमट्याने दाबली की आतली पाती वायरचं कव्हर कापून आत घुसते.

चिमटा_आणि_कथील:

आजच्या आज काढ. ती पाती तांब्याचे काही धागे कापते, उरलेल्यावर सगळा भार, थरथरीने महिन्या-दोन महिन्यांत सैल होते, ओल लागली की हिरवट बुरशीसारखं चढतं. ज्या जोडाच्या भरवशावर इंजिन चालतं तिथे ती नकोच. वायरीचं टोक सोल, दोन्हीचे धागे एकमेकांवर घट्ट पिळ, कथील आत शिरेपर्यंत तापव, नुसता वर गोळा बसवू नकोस, आणि वरून हीट श्रिंक स्लीव्ह. स्लीव्ह आधी वायरीत ओवायची, झाळून झाल्यावर आठवण येते तेव्हा उशीर झालेला असतो (मला अजूनही होतं हे). इलेक्ट्रिकची साधी काळी टेप गाडीत वापरू नका, उन्हात तिचा गोंद वितळून लोण्यासारखा होतो आणि टेप सुटते, कंपनीवाले कापडी टेप वापरतात ते उगीच नाही. आणि झाळलेल्या जोडाच्या दोन्ही बाजूंना वायर बांधून टाका, कारण कथील जिथे संपतं तिथे वायर ताठर होते आणि हलत राहिली की तिथेच मोडते.

@तारेवरची_कसरत तुझ्या दिव्याचं सांगते. तुझ्या गाडीत दिव्याला प्लस कायम मिळतो आणि दाराचा पिन स्विच अर्थ देतो. तू वायर पकडलीस ती बल्ब आणि बटण यांच्या मधली. बटण ऑफला गेलं की ती वायर दारापासून तुटते आणि बल्बमधून येणारे १२ व्होल्टच कायम दाखवते, म्हणजे अलार्मच्या मते दार बंद. बटणाच्या पलीकडची, पिन स्विचकडे जाणारी वायर घे. त्यापेक्षा सरळ दाराच्या खांबात पिन स्विचचा रबर काढून तिथून घे, तिथे बटण कुठल्याही खुणेवर असलं तरी फरक पडत नाही, बल्ब उडाला तरी पडत नाही.

आधी एक बघ. ड्रायव्हरचं दार बंद ठेवून त्याच्या पिन स्विचच्या वायरीवर मीटर लाव आणि बाकीची दारं एकेक करून उघड. प्रत्येक वेळी अर्थ दिसला तर सगळे स्विच समांतर आहेत, एकाच वायरीत काम झालं. नाही दिसला तर प्रत्येक दाराची वायर वेगळी आहे, मग प्रत्येकीला एक डायोड लावून एकत्र करावं लागतं, पट्टा स्विचकडे, बिनपट्ट्याची बाजू अलार्मकडे. डायोड न लावता एकत्र केलंस तर मागचं दार उघडलं तरी डॅशवर ड्रायव्हरच्या दाराचा दिवा लागेल. डिकीचंही विसरू नकोस, तो स्विच बहुतेक वेळा वेगळाच असतो.

नवी_पाटी:

मध्येच घुसतोय, माफ करा. माझी गाडी नवीन आहे, एअरबॅग, बटण स्टार्ट, सगळं. मलाही असाच किट स्वतः बसवायचाय, हाच धागा बघून केला तर चालेल ना?

जुना_फ्यूज:

नाही. वरचं सगळं जुन्या गाडीसाठी आहे, जिथे प्रत्येक कामाला एक वायर असते. तुझ्या गाडीत दार उघडलं ही बातमी एका डब्याकडून दुसऱ्या डब्याकडे कॅन बसवरून जाते, दोन वायरी एकमेकींना पीळ दिलेल्या. मीटरला त्या दोन्हीवर अडीच व्होल्टच्या आसपास काहीतरी दिसतं, त्यावरून दार उघडं का बंद काही कळत नाही. तिथे बल्बचा टेस्टर लावलास तर बल्ब जेवढा करंट खेचतो तेवढ्याने आतल्या डब्याचं नुकसान होऊ शकतं. नव्या गाडीत बल्बचा टेस्टर हातातच घेऊ नये, मीटरच.

पिवळ्या नळीतल्या किंवा पिवळ्या कपलरच्या वायरी दिसल्या तर हात मागे. त्या एअरबॅगच्या. त्यांच्यावर मीटरही नाही, ओहम मोजणं तर अजिबात नाही, मीटर स्वतःचा करंट सोडतो. स्टिअरिंगखाली काम करायच्या आधी बॅटरीची निगेटिव्ह काढून काही मिनिटं थांबायचं, आतल्या कपॅसिटरमध्ये चार्ज उरलेला असतो. तुझ्यासाठी गाडीला जुळणारा, कॅन वाचणारा अलार्म मिळतो, कपलरमध्ये कपलर बसतो, वायर कापावी लागत नाही. कापलीस तर वॉरंटीच्या वेळी भांडत बसशील.

शिवाय तुझ्या किल्लीत चिप आहे, चिप ओळखल्याशिवाय इंजिन चालूच होत नाही, म्हणजे आमचा हा रिलेचा खटाटोप तुझ्या गाडीत कंपनीने आधीच चांगला करून दिलाय. तुला हवाय तो फक्त आवाज.

मधला_गिअर:

बरं बॅटरी नव्हती, मान्य. पण हे रिमोट कॉपी होतात असं ऐकलंय ते?

जुना_फ्यूज:

स्वस्तातले होतात. रिमोट उघडून चिपवर काय लिहिलंय बघा. ईव्ही१५२७ किंवा पीटी२२६२ असेल तर दर वेळी तोच कोड जातो, एकदा ऐकला की दुसऱ्या शिकणाऱ्या रिमोटमध्ये भरता येतो. एचसीएस३०१ असेल तर कोड दर दाबाला बदलतो, जुना ऐकून परत पाठवला तर अलार्म ओळखत नाही. दोन्ही प्रकार त्याच ४३३ मेगाहर्ट्झवर चालतात, बाहेरून काही फरक कळत नाही.

तारेवरची_कसरत:

तीन दिवसांचा हिशेब देतो.

रिमोट उघडला, एचसीएस३०१ निघाला, जीव भांड्यात पडला.

८६ ची वायर काढली. मग अलार्मची इग्निशनची वायर सेल्फ मारताना तपासली, बायकोला सेल्फ मारायला बसवलं, आणि काका, ती एसीसीच निघाली. सेल्फला सरळ शून्य. म्हणजे मी ८६ तिथेच जोडली असती तर तुमच्याच सापळ्यात पडलो असतो. शेजारची दुसरी वायर १०.४ ला टिकली, आता अलार्म आणि ८६ दोन्ही तिच्यावर. डायोड टाकला. अलार्म लावून, किल्ली नसलेल्या चोरासारखं बाहेरून हात घालून किल्ली फिरवली, सायरन सुरू, सेल्फ मेलेला. अलार्मचा कपलर उपटला, एका सेल्फला चालू. कपलर परत लावला.

ड्रेन आता अलार्म लावून ३१ मिलीअँपिअर. तुमच्याच भागाकाराने बघितलं तर तेवीस दिवस येतात.

ताई, कपलर काढला त्या संध्याकाळी शांतता, म्हणजे सेन्सरच. फायरवॉलवरून काढून स्टिअरिंगच्या खांबाला आडवी पट्टी आहे त्यावर बसवला, सेटिंग मध्यावर. दोन संध्याकाळी गाडी चांगली तापवून आणली, फॅन सुरू झाला, बंद झाला, काही नाही. काचेवर बुक्कीच्या कडेने हळू मारलं की एक छोटी किंकाळी, जोरात मारलं की पूर्ण बोंब. दारं सगळी समांतर निघाली, पिन स्विचवरून एकच वायर, दिवा ऑफला ठेवून चारही दारं उघडून बघितली, चारही वेळा वाजला. डिकीची वेगळी होती, ती एका डायोडने जोडली.

चिमटा_आणि_कथील:

छान झालं. सायरन वाजत असताना अलार्मच्या अर्थपासून बॅटरीच्या निगेटिव्हपर्यंत व्होल्ट मोजून ठेव एकदा, ०.१ च्या आत असेल तर अर्थ उत्तम.

तारेवरची_कसरत:

०.०४.

जुना_फ्यूज:

बोनेटच्या पिन स्विचवरची टेप काढलीस ना?

तारेवरची_कसरत:

नाही काढली. जातो.